कर्बवायूचे प्लॅस्टिक झरीच्या उन्हात टिकेल का?

टरबूज निघाले की मल्चिंग पेपरचे काय करता? झरी असो की जिंतूर रस्त्यावरचे दुसरे कुठले गाव, गत एकच. पंचवीस-तीस मायक्रॉनचा तो पातळ पेपर धड निघत नाही, चिंध्या वखरात गुंततात. वेचायला मजुरी, जाळला तर विषारी धूर, बांधावर टाकला तर गुरांच्या पोटात. म्हणून ‘मातीत विरणारा पेपर’ म्हटले की आपले कान टवकारतात.

असे एक प्लॅस्टिक चक्क कार्बन डायऑक्साइडपासून, म्हणजे आपण श्वासातून बाहेर टाकतो त्या कर्बवायूपासून बनते. नाव पॉलिप्रॉपिलीन कार्बोनेट. 1969 मध्ये जपानच्या शोहेई इनोउए यांनी ते प्रथम तयार केले. हा वायू मोठा आळशी, सहसा कुणात मिसळत नाही. प्रॉपिलीन ऑक्साइड या रसायनाशी त्याची सांगड घालायला इनोउए यांनी जस्ताचा उत्प्रेरक वापरला. पुण्याच्या राष्ट्रीय रासायनिक प्रयोगशाळेतही अशा उत्प्रेरकांवर संशोधन झाले आहे.

शंभर किलो प्लॅस्टिकात सुमारे 43 किलो कर्बवायू मुरतो. बाकीचा माल आजही मुख्यतः खनिज तेलातूनच येतो, हे जाहिरातीत सहसा सापडायचे नाही. वायूची मात्र वाण नाही. साखर कारखान्याच्या आसवनीत मळी आंबवताना जेवढ्या वजनाचे अल्कोहोल, जवळपास तेवढ्याच वजनाचा हा वायू निघतो, आणि तोही बराच शुद्ध.

गुण चांगले आहेत. हे प्लॅस्टिक काचेसारखे पारदर्शक असते, प्राणवायू सहजी आत शिरू देत नाही, म्हणून खाद्यपदार्थांच्या वेष्टनाला उपयोगी. सुमारे 250 अंशांपुढे तापवले की त्याची वाफ होते, राख जवळपास उरत नाही. त्यामुळे सिरॅमिकचे भाग घडवताना भुकटी बांधून ठेवायलाही ते वापरतात.

अडचण उन्हाची आहे. उष्णतेने मऊ आणि गार झाल्यावर कडक, हा अशा प्लॅस्टिकचा स्वभावच. पण हे 35 ते 40 अंशांच्या आसपासच मऊ पडू लागते. आपल्याकडे मे महिन्यात पारा बेचाळीसच्या वर जातो, अन् उन्हात पडलेला काळा पेपर त्याहून तापतो. नेहमीचा पॉलिथिनचा पेपर शंभर अंशांपलीकडे वितळतो, म्हणून तग धरतो. उलट हिवाळ्यातल्या पहाटे हे नवे प्लॅस्टिक ठिसूळ होते. दुसऱ्या प्लॅस्टिकात मिसळून ते सुधारता येते आणि चीनमध्ये अशा मल्चिंगच्या चाचण्याही झाल्या आहेत. पण तिकडची थंड शेते वेगळी, आपली काळी रानं वेगळी.

तेव्हा ‘विरणारा’ म्हणून कुणी महागडा रोल पुढे केला, तर तीन गोष्टी विचारा. कशाचा बनला? किती अंशांना मऊ पडतो? किती महिन्यांत विरतो? नुसते तुकडे होणारा पेपर विरला असे समजू नका, ते तुकडे मातीतच राहतात. टरबुजाला सत्तर-ऐंशी दिवस पुरणारा पेपर मिरचीच्या सहा महिन्यांना पुरेलच असे नाही. परभणीच्या कृषी विद्यापीठात विचारणा करा, आणि पहिल्या वर्षी एकाच बेडवर अंथरून बघा.