दाण्याची कुकी : मऊ कीं कच्ची?
चॉकलेटचे तुकडे घातलेली ‘कुकी’ १९३८ च्या सुमारास अमेरिकेंत रूथ वेकफील्ड यांनीं रूढ केली. तिच्यांत पीनट बटर, म्हणजे भाजलेल्या दाण्यांचें मऊ वाटण, मिसळलें कीं पीठ घट्ट होतें व फारसें पसरत नाहीं. म्हणून प्रत्येक गोळा कांट्यानें दाबावा. १८० अंश सेल्सिअसला १० ते १२ मिनिटें पुरेत. गरम कुकी मऊ लागते. ती कच्ची समजून पुन्हा ओव्हनमध्यें सारली कीं दगड होते. वस्तुतः उष्णतेनें पातळ झालेला स्निग्धांश निवतांना थिजतो व कुकी आपोआप आळते. कडा तांबूस होतांच ट्रे काढावा. मात्र वाढण्यापूर्वीं पाहुण्यांस अवश्य विचारावें : दाण्यांची ॲलर्जी असणाऱ्याच्या प्राणावर एक घासही बेतूं शकतो.