'द मिसएज्युकेशन ऑफ लॉरिन हिल' : एका रॅप अल्बमची निर्मिती, स्वागत आणि श्रेयाचा प्रश्न

प्रस्तावना :

रॅप हा शब्द उच्चारताच मराठी अध्यापकवर्गाच्या मनात बहुधा गोंगाट, भडक पोशाख आणि शिवराळ भाषा अशीच प्रतिमा उभी राहते. स्नेहसंमेलनात एखादा विद्यार्थी रॅप सादर करू लागला की पुढच्या रांगेतील मंडळी घड्याळाकडे पाहू लागतात. ही प्रतिमा सर्वस्वी निराधार आहे असे म्हणता येणार नाही. परंतु ती अपुरी मात्र निश्चित आहे. 25 ऑगस्ट 1998 रोजी अमेरिकेत प्रकाशित झालेला, तेवीस वर्षे वयाच्या लॉरिन हिल या कृष्णवर्णीय युवतीचा 'द मिसएज्युकेशन ऑफ लॉरिन हिल' हा अल्बम त्या अपुरेपणाची साक्ष देतो. त्याचे शीर्षकच शिक्षणाविषयीचे, किंबहुना चुकीच्या शिक्षणाविषयीचे आहे. प्रस्तुत लेखात या अल्बमची जडणघडण, त्याचे झालेले स्वागत आणि त्यातून उद्भवलेला श्रेयाचा वाद यांचा परामर्श घेतला आहे.

पार्श्वभूमी :

हिप हॉपचा जन्म 11 ऑगस्ट 1973 रोजी न्यूयॉर्कच्या ब्राँक्स भागातील एका मेजवानीत झाला, असे सर्वसाधारणपणे मानले जाते. शाळा सुरू होण्यापूर्वी नवे कपडे घेता यावेत, म्हणून सिंडी कॅम्पबेल या मुलीने ती मेजवानी भरविली होती. तिचा भाऊ 'कूल हर्क' याने तबकड्या वाजविल्या. गाण्यातील केवळ तालवाद्यांचा तुकडा लांबवीत नेण्याची युक्ती त्याने रूढ केली आणि पुढे त्या ठेक्यावर यमकबद्ध बोल म्हणण्याची प्रथा वाढली. इतिहासात नाव भावाचे राहिले. मेजवानी भरविणाऱ्या बहिणीचा उल्लेख बराच काळ ओझरताच होत असे.

मराठी वाचकाला रॅपची ओळख पोवाड्याच्या आधारे करून घेता येईल. डफाच्या थापेवर शाहीर जलद गतीने कथन करतो, श्वास कोठे घ्यायचा हे ठरवून ठेवतो, यमकावर श्रोत्याला थांबवितो. फरक असा की, शाहीर सहसा वीराची कथा सांगतो, तर रॅपर स्वतःची व स्वतःच्या गल्लीची. अशा कलाप्रकारात स्त्रीने 'मी' म्हणणे सोपे नव्हते. एमसी लाइटचा 1988 मधील आणि क्वीन लतीफाचा 1989 मधील अल्बम यांनी ती वाट मोकळी केली.

अल्बमची जडणघडण :

लॉरिन हिल न्यू जर्सीतील साउथ ऑरेंज येथे वाढली. वायक्लेफ जाँ व प्राझ मिशेल यांच्यासह ती 'फ्यूजीज' या त्रयीत होती. निर्वासित या अर्थाच्या इंग्रजी शब्दावरून हे नाव घेतले होते. त्यांच्या 1996 मधील 'द स्कोअर' या अल्बमला मोठे यश लाभले. पण त्या यशात तिचा वाटा किती, याविषयी लोक शंका घेत. मागे कोणी पुरुष असणारच, हे गृहीतच असे. याच काळात ती गरोदर राहिली. कारकीर्द ऐन भरात असताना मूल नको, असा सल्ला तिला मिळाला. तो तिने मानला नाही. ऑगस्ट 1997 मध्ये झालेल्या त्या मुलावरच 'टू झायन' हे गीत आहे आणि त्यात कार्लोस सान्ताना यांची गिटार आहे. मातृत्वाला अडथळा न मानता काव्यविषय करणारे असे गीत त्या काळच्या रॅपमध्ये विरळाच होते.

ध्वनिमुद्रण 1997 च्या अखेरीस सुरू झाले. त्याचा काही भाग न्यूयॉर्कमध्ये, तर काही जमैकातील किंग्स्टन येथे बॉब मार्ले यांच्या 'टफ गाँग' स्टुडिओत झाला. यंत्रावर तयार ठेका लावून देण्याची सोय असताना तिने प्रत्यक्ष वाजणारी वाद्ये निवडली आणि आवाज फार घोटून गुळगुळीत करू दिला नाही. 'एव्हरीथिंग इज एव्हरीथिंग' या गीतातील पियानो तेव्हा विद्यार्थिदशेत असलेल्या जॉन स्टीव्हन्स याने वाजविला. तोच पुढे जॉन लेजंड या नावाने प्रसिद्धीस आला.

मात्र अध्यापकाने लक्षपूर्वक ऐकावा असा भाग गीतांचा नसून त्यांच्या मधल्या संवादांचा आहे. अल्बमचा प्रारंभ शाळेच्या घंटेने व हजेरीने होतो. शिक्षक एकेक नाव पुकारतात, मुले 'हजर' म्हणतात. लॉरिन हिलचे नाव येते आणि उत्तर येत नाही. पुढे तेच शिक्षक मुलांशी प्रेम या विषयावर बोलत राहतात. हे शिक्षक म्हणजे रास बराका. ते 2014 मध्ये नेवार्क शहराचे महापौर झाले. हे संवाद हिलच्या घरी, खऱ्या मुलांना जमवून मुद्रित करण्यात आले. शीर्षकात कार्टर वुडसन यांच्या 1933 मधील ग्रंथाचा संदर्भ आहे. कृष्णवर्णीयांना शाळेत मिळणारे शिक्षण त्यांना स्वतःलाच कमी लेखायला शिकविते, हे वुडसन यांचे प्रतिपादन होते. 'गुलामगिरी' हा ग्रंथ 1873 मध्ये अमेरिकेतील गुलामगिरीविरोधी लोकांना अर्पण करणाऱ्या महात्मा फुले यांच्या वाचकांना ते परके वाटू नये.

'डू वॉप' या गीतात पहिले कडवे स्त्रियांना, तर दुसरे पुरुषांना उद्देशून आहे. दोघांचीही कानउघाडणी तितक्याच रोखठोकपणे केली आहे. बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांनी 1882 मध्ये 'स्त्रीपुरुष तुलना' लिहून जो हिशेब मांडला, त्याचे स्मरण येथे होते. अर्थात ताराबाईंचा रोख पुरुषांवरच अधिक होता.

स्वागत आणि वाद :

पहिल्याच आठवड्यात अल्बमच्या चार लाखांहून अधिक प्रती खपल्या. फेब्रुवारी 1999 मध्ये त्याला पाच ग्रॅमी पुरस्कार मिळाले. त्यांत वर्षातील सर्वोत्तम अल्बमचा पुरस्कार होता व तो प्रथमच हिप हॉप अल्बमला मिळत होता. 2015 मध्ये अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने जतन करावयाच्या ध्वनिमुद्रणांत त्याचा समावेश केला. 2021 मध्ये एक कोटी प्रतींचे प्रमाणपत्रही त्यास मिळाले.

तथापि नोव्हेंबर 1998 मध्येच 'न्यू-आर्क' या गटातील चार तरुण संगीतकारांनी दावा दाखल केला होता. लेखन, संयोजन व निर्मिती यांचे जवळजवळ सर्व श्रेय हिलने स्वतःकडे घेतले व आपला वाटा नाकारला, अशी त्यांची तक्रार होती. 2001 मध्ये न्यायालयाबाहेर तडजोड झाली. येथे निवाडा देणे अवघड आहे. आपल्यामागे पुरुषच असणार, या समजाला उत्तर देण्यासाठी सर्व काही स्वतःच्या नावे लावण्याची गरज तिला भासली असावी. परंतु ज्या कलेत चार जण एका खोलीत बसून सूर जुळवितात, तेथे त्या गरजेची किंमत इतरांनी चुकवावी, हेही न्याय्य नव्हे. शोधनिबंधांवर नावे कोणाची व कोणत्या क्रमाने, हा प्रश्न ज्यांच्या परिचयाचा आहे, त्यांना ही गुंतागुंत निराळी समजावून सांगावी लागणार नाही. हिलने त्यानंतर स्टुडिओत केलेला दुसरा एकल अल्बम प्रकाशित केलेला नाही. 2002 मध्ये आला तो प्रत्यक्ष मैफलीचा.

महाराष्ट्राच्या संदर्भात :

कल्याण येथे वाढलेल्या दीपा उन्नीकृष्णन, अर्थात 'डी एमसी', यांचा अल्बम 2019 मध्ये आला. मुंबईत 'वाइल्ड वाइल्ड विमेन' हा सर्वस्वी स्त्रियांचा रॅप गट उभा राहिला. महादेव कोळी समाजातील मधुरा घाणे 'माही जी' या नावाने आदिवासींचे जंगलाशी असलेले नाते आणि उष्णतेच्या लाटा हे विषय रॅपमध्ये आणतात. यांपैकी शेवटचे उदाहरण किनवटसारख्या गोंड, कोलाम, आंध व बंजारा वस्तीच्या तालुक्यातील विद्यार्थिनींना अधिक जवळचे वाटेल.

हेमा राईरकर व गी पॉइत्व्हाँ यांच्या प्रयत्नांतून जात्यावरच्या एक लाखाहून अधिक ओव्या संकलित झाल्या. त्यांत 1996 मध्ये मराठवाड्यातील माजलगाव येथे मुद्रित झालेल्या, डॉ. आंबेडकरांवरील ओव्याही आहेत. या संकलनात ओवीसोबत गाणाऱ्या बाईचे नाव व गाव नोंदविले आहे. किनवट-माहूर परिसरातील तांड्यांवर आणि कोलामांच्या पोडांवर गाणाऱ्या स्त्रियांची गीते मुद्रित करताना विद्यार्थिनींनी वहीत प्रथम कोणता रकाना आखावा, हे त्यावरून ठरविता येते.