ढालीवरचा सिंह, निशाणावरचा कुलचा

चेहरा शिरस्त्राणात झाकला, की आपला कोण आणि परका कोण, हे रणांगणावर ओळखायचे कसे? बाराव्या शतकातील युरोपच्या सरदारांनी ढालीवर चित्र काढायला सुरुवात केली. पुढे ते बापाकडून लेकाकडे जाऊ लागले आणि कुलचिन्हांचे शास्त्रच तयार झाले. चेक लोकांचा दोन शेपट्यांचा पांढरा सिंह तेराव्या शतकापासून त्यांच्या राजचिन्हावर आहे.

आपल्याकडे ओळख असे ती निशाणावर आणि मुद्रेवर. शिवछत्रपतींच्या अष्टकोनी राजमुद्रेवर प्राण्याचे चित्र नाही, संस्कृत अक्षरे आहेत. युरोपीय थाटाची चिन्हे रुळली ती इंग्रजांमुळे. १८७७ च्या दिल्ली दरबारात लॉर्ड लिटनने संस्थानिकांना चिन्हांकित रेशमी झेंडे दिले. ती चिन्हे रॉबर्ट टेलर या सनदी अधिकाऱ्याने आखली होती. साचा परका, पण आत गोष्टी इथल्याच आल्या. ग्वाल्हेरच्या शिंद्यांचा नाग आला, बडोद्याच्या गायकवाडांचे ‘जीन घर, जीन तख्त’ हे ब्रीद आले. खोगीर हेच घर आणि तेच सिंहासन!

आमचे कळमनुरी १९४८ पर्यंत निजामाच्या झेंड्याखाली होते. पिवळ्या कापडावर मधोमध गोल. तो चंद्र नव्हे, कुलचा, म्हणजे रोटी. दंतकथा अशी, की पहिला निजाम औरंगाबादेत सुफी संत हजरत निजामुद्दीन यांच्याकडे गेला. त्यांनी पिवळ्या कापडात गुंडाळलेले कुलचे पुढे ठेवले. भुकेल्या पाहुण्याने सात खाल्ले. संत म्हणाले, तुझ्या सात पिढ्या राज्य करतील.

मी मुसलमान, म्हणून ते निशाण माझे, असे कोणी गृहीत धरतात. त्यांना मी सांगतो, की त्याच निशाणाखाली रझाकारांचा जुलूम झाला आणि १७ सप्टेंबर १९४८ ला ते उतरले, हे योग्यच झाले. त्यातले तख्त मला नको. फकिराने भुकेल्यापुढे ठेवलेली भाकरी तेवढी माझी. ती हिंदू-मुसलमान सगळ्यांचीच आहे.

२६ जानेवारी १९५० ला आपण सारनाथचे सिंह आणि ‘सत्यमेव जयते’ स्वीकारले. चेक राष्ट्राध्यक्षांच्या ध्वजावरही सिंह आहे आणि त्यांच्या भाषेत हेच लिहिले आहे : सत्याचा विजय होतो. घराण्यांची चिन्हे वारशाने मिळत. हे ब्रीद मात्र प्रत्येक पिढीला वागण्यातून कमवावे लागते.

(आकाशवाणीवरील भाषणाचा संपादित भाग)