न वटलेला धनादेश आणि आपसांतील तडजोड

उसनवारीची फेड आतां घरोघरीं धनादेशानें होते. तो न वटतां बँकेंतून परत आला, म्हणजे काल एका पंक्तीस जेवणारे साले-मेहुणे आज फिर्यादी व आरोपी म्हणून न्यायालयांत समोरासमोर उभे राहतात. एकदां फौजदारी झाली कीं माघार नाहीं, अशी पुष्कळांची समजूत आहे. ती खरी नव्हे, हें आमच्या वाचकांस सांगावें, एवढाच या लेखाचा हेतु आहे.

१८८१ च्या मूळ कायद्यांत या गोष्टीस शिक्षा नव्हती. कलम १३८ हें १९८८ च्या दुरुस्तीनें आलें व १ एप्रिल १९८९ पासून अंमलांत आलें. खात्यांत पुरेशी शिल्लक नसल्यानें धनादेश परत आल्यास, तसें कळल्यापासून ३० दिवसांचे आंत लेखी नोटीस द्यावी लागते. नोटीस पोंचल्यावर देणेकऱ्यास १५ दिवस मिळतात. तेवढ्यांतही पैसे न आल्यास पुढील एका महिन्यांत फिर्याद करतां येते. शिक्षा दोन वर्षांपर्यंत कैद, अथवा रकमेच्या दुपटीपर्यंत दंड, अथवा दोन्ही. तेव्हां हे १५ दिवस हीच सर्वांत स्वस्त तडजोड होय. त्या मुदतींत रक्कम दिली तर गुन्हाच घडत नाहीं. शिवाय खातें दोघांच्या नांवें असलें, तरी ज्याची धनादेशावर सही नाहीं अशा भागीदार खातेदारावर हा गुन्हा येत नाहीं, हें एकत्र कुटुंबांतील मंडळींनीं ध्यानांत ठेवावें.

खून-दरोड्याचे गुन्हे आपसांत मिटवितां येत नाहींत, कारण ते साऱ्या समाजाविरुद्ध मानिले जातात. येथें मात्र घेणेकऱ्याचे पैसे परत मिळावे हाच मुख्य हेतु आहे. म्हणूनच २००२ च्या दुरुस्तीनें कलम १४७ घालून हा गुन्हा तडजोडयोग्य ठरविण्यांत आला. तडजोडीस फिर्यादीची संमति हवी. ती झाली म्हणजे आरोपी निर्दोष सुटतो.

परंतु लोक निकाल विरुद्ध जाईपर्यंत थांबतात, असें दिसून आल्यावरून सर्वोच्च न्यायालयानें २०१० सालीं उशिरा येणाऱ्यावर खर्चाचा बोजा ठेविला. ते आंकडे सप्टेंबर २०२५ मध्यें सौम्य करण्यांत आले. आरोपीच्या बचावाचा पुरावा सुरू होण्यापूर्वीं रक्कम भरली तर खर्च नाहीं. त्यानंतर पण निकालापूर्वीं भरली तर धनादेशाच्या रकमेच्या ५ टक्के. सत्र किंवा उच्च न्यायालयांत ७.५ टक्के, आणि सर्वोच्च न्यायालयांत १० टक्के. पांच लक्षांच्या धनादेशावर शेवटच्या पायरीचा हा भुर्दंड पन्नास हजारांचा होतो, आणि तो फिर्यादीच्या हातीं न पडतां विधि सेवा प्राधिकरणाकडे जातो.

तडजोड तोंडी ठेवूं नये. एकूण रक्कम, हप्त्यांच्या तारखा, व्याज सोडलें कीं ठेविलें, हप्ता चुकल्यास काय, आणि मूळ धनादेश केव्हां परत करावयाचा, हें सर्व लिहून उभयतांच्या सह्यांनिशीं न्यायालयांत पुरशीस द्यावी. शक्य तर प्रकरण लोकन्यायालयांत न्यावें. तेथील निवाड्यास दिवाणी हुकूमनाम्याचें बळ असतें व त्यावर अपील नाहीं, त्यामुळें पैसे थकल्यास त्याची बजावणी करतां येते. तडजोडीपोटीं दिलेला नवा धनादेशही न वटला तर तो स्वतंत्र गुन्हा होतो. मात्र जुनी व नवी अशा दोन्ही फिर्यादी एकाच वेळीं चालवितां येत नाहींत, असें सर्वोच्च न्यायालयानें २०२१ मध्यें ठरविलें आहे. म्हणून हप्ते रोखीनें कीं बँकेमार्फत हें ठरवितांना बँकेचाच मार्ग पत्करावा. पुरावा आपोआप राहतो.

आमचें घरांतील वडीलधाऱ्यांस एवढेंच सांगणें आहे कीं, नोटीस आली म्हणजे ती लाजेपोटीं कपाटांत दडवूं देऊं नका. त्याच दिवशीं दोन्ही पक्षांस एकत्र बसवा, देणें किती तें कागदावर मांडा, आणि वकिलाकडे जातांना तो कागद बरोबर न्या.