रताळ्याचा कॉर्नब्रेड

रताळ्याचा कॉर्नब्रेड हा मक्याचे रवाळ पीठ व रताळ्याचा लगदा यांपासून बनणारा, अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांत प्रचलित असलेला पाव आहे. मका व रताळे ही दोन्ही पिके मूळची अमेरिका खंडांतील होत. मक्याच्या भाकऱ्या तेथील मूलनिवासी पूर्वापार करीत. पुढे गुलामगिरीत राबणाऱ्या आफ्रिकी लोकांच्या शिध्यातही मक्याचे पीठ प्रमुख असे.

घटकांचे कार्य

मक्यात ग्लुटेन नसल्याने हा पाव यीस्टने नीट फुगत नाही. ताकातील आम्ल व खाण्याचा सोडा यांच्या संयोगाने निर्माण होणारा कार्बन डायऑक्साइड त्याला हलकेपणा देतो. अंड्यांमुळे मिश्रण बांधले जाते, तर रताळ्यामुळे पाव ओलसर व गोडसर राहतो.

कृती

मक्याचे पीठ, मैदा, वाफवून कुस्करलेले रताळे व आंबट दाट ताक प्रत्येकी १ कप, २ अंडी, ४ मोठे चमचे वितळलेले लोणी, २ लहान चमचे बेकिंग पावडर, अर्धा लहान चमचा सोडा व चवीपुरते मीठ घ्यावे. कोरडे व ओले जिन्नस वेगवेगळे मिसळून मग हलकेच एकत्र करावेत. लोणी लावलेल्या बिडाच्या तापलेल्या पसरट कढईत मिश्रण ओतून २०० अंश सेल्सिअसला सुमारे २५ ते ३० मिनिटे भाजावे.

भारतात कॉर्नफ्लोअर म्हणून मिळणारी पांढरी भुकटी म्हणजे मक्याचा स्टार्च. तो येथे उपयोगी पडत नाही.