काळाची गोष्ट सांगणारा लेखक

विद्यार्थी मित्रांनो, दूरदर्शनवरची ‘महाभारत’ ही मालिका तुम्ही पाहिली असेल, किंवा घरातल्या मोठ्या माणसांकडून तिच्याविषयी ऐकले असेल. तिच्या सुरुवातीला एक गंभीर आवाज ऐकू येतो. तो आवाज असतो काळाचा. काळाच्या तोंडचे ते शब्द कोणी लिहिले, हे तुम्हांला ठाऊक आहे का? ते लिहिले उर्दूचे एक प्राध्यापक, शायर आणि कादंबरीकार डॉ. राही मासूम रझा यांनी.

राहीसाहेबांचा जन्म १९२७ सालचा. उत्तर प्रदेशातील गाझीपूर जिल्ह्यातले गंगौली हे त्यांचे गाव. लहानपणी त्यांना मोठे आजारपण आले व एक पाय कायमचा अधू झाला. शाळेत खंड पडला, पण वाचनात पडला नाही. पुढे अलीगढ मुस्लिम विद्यापीठात ‘तिलिस्म-ए-होशरुबा’ या प्रसिद्ध दास्तानवर संशोधन करून त्यांनी डॉक्टरेट मिळवली आणि तेथेच ते उर्दू शिकवू लागले.

१९६६ साली त्यांची ‘आधा गाँव’ ही हिंदी कादंबरी प्रसिद्ध झाली. तिच्यात गंगौलीचा मोहरम आहे, जमीनदारांची भांडणे आहेत आणि फाळणीने दुभंगलेली घरे आहेत. ही कथा कोणा एका माणसाची नसून गंगौलीतून जाणाऱ्या काळाची आहे, असे लेखकाने तिच्यात सांगितले आहे. हे लक्षात ठेवा.

पुढे ते मुंबईला आले आणि चित्रपटांसाठी लिहू लागले. ‘मैं तुलसी तेरे आँगन की’ या चित्रपटाच्या संवादांसाठी त्यांना फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. कादंबरीलेखनही चालूच राहिले.

बी. आर. चोप्रा यांनी ‘महाभारत’ लिहिण्याविषयी विचारले, तेव्हा राहीसाहेबांनी प्रथम नकार दिला. हाती कामे फार होती. त्यांचे नाव जाहीर होताच, मुसलमान लेखकाने महाभारत का लिहावे, असे विचारणारी पत्रे आली. चोप्रांनी ती पत्रे त्यांच्याकडे पाठवली. राहीसाहेबांना वाईट वाटले. आपण गंगेचे पुत्र आहोत, या देशाची संस्कृती आपलीही आहे, असे ते मानत. त्यांनी नकार मागे घेतला.

काम सोपे नव्हते. कादंबरीत एखाद्याच्या मनातले विचार पानभर लिहिता येतात. पडद्यावर मात्र ते दिसावे लागतात किंवा बोलावे लागतात. शिवाय महाभारताची कथा फार लांब. मध्ये कित्येक वर्षे निघून जातात. हे तुटलेले धागे जोडायचे कोणी? मालिकेत ते काम काळाने केले. गंगौलीची कथा ज्या काळाची होती, तोच आता हस्तिनापूरची कथा सांगू लागला!

‘पिताश्री’, ‘भ्राताश्री’ हे शब्द या मालिकेमुळे घरोघर पोहोचले. ‘अब्बाजान’, ‘अम्मीजान’ या संबोधनांवरून ते राहीसाहेबांना सुचले, असे सांगतात. एका भाषेतला अदब त्यांनी दुसऱ्या भाषेत नेला.

२ ऑक्टोबर १९८८ पासून जून १९९० पर्यंत मालिकेचे ९४ भाग दाखवले गेले. रविवारी सकाळी रस्ते ओस पडत. १५ मार्च १९९२ रोजी राहीसाहेबांचे निधन झाले.

मित्रांनो, तुम्ही घरी उर्दू बोलता आणि शाळेत मराठी शिकता. भाषा जो प्रेमाने शिकतो, त्याची ती होते. राहीसाहेबांनी हे वाद घालून नव्हे, तर काम करून दाखवले.

शब्दार्थ
अधू – दुबळा, नीट काम न करणारा
दुभंगणे – दोन तुकडे होणे
ओस पडणे – रिकामे होणे

स्वाध्याय
१. राहीसाहेबांनी आपला नकार मागे का घेतला?
२. कादंबरी आणि मालिका यांच्या लेखनात कोणता फरक आहे?
३. उर्दू व मराठी या दोन्ही भाषांत वापरले जाणारे पाच शब्द लिहा.