हळदीकुंकवाचं बोट

संक्रांतीपासून रथसप्तमीपर्यंत आमच्या इमारतीत रोज कुणाकडे तरी हळदीकुंकू असतं. तिळगूळ घ्यायचा, वाण घ्यायचं, चार गप्पा मारायच्या. वरवर किती साधा कार्यक्रम! पण मैत्रिणींनो, एकदा कोपऱ्यात बसून नीट पाहा. कुणाला खुर्ची मिळते, कुणाला सतरंजी. साहेबांच्या पत्नीला कुंकू आधी लागतं की वयाने मोठ्या काकूंना? मागच्या घरी स्टीलचा डबा लुटलेला असला, की प्लॅस्टिकची वाटी देणारी उगीचच ओशाळते. कुणी काही बोलत नाही, तरी प्रत्येकीला आपली पायरी बरोबर कळते.

मीही त्यातलीच. अर्धवेळ शाळा सांभाळून दरवर्षी हळदीकुंकू करते. शेजारच्या वहिनी आदल्या दिवशी येऊन लाडू वळून देतात. गुळाचा पाक कधी उतरवायचा, हे त्यांच्याइतकं कुणाला कळत नाही. काही वर्षांपूर्वी त्यांचे यजमान गेले. तेव्हापासून लाडू त्यांच्या हातचे, पण समारंभाच्या संध्याकाळी त्यांचं दार बंद. मी बोलावलं नाही, त्यांनी विचारलं नाही.

२०२२ साली कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड गावाने ठराव केला, की नवरा गेल्यावर बाईचं कुंकू पुसणं, बांगड्या फोडणं बंद. हे मी वर्गात मुलींना मोठ्या अभिमानाने सांगितलं. घरी येताना ते बंद दार दिसलं आणि माझीच मला लाज वाटली.

यंदा म्हटलं, "वहिनी, संध्याकाळी यायचं हं."

"सासूबाईंना विचारलंस?"

विचारलं. "घर तुझं, तू ठरव," एवढंच म्हणून त्यांनी पोथी उघडली. याचा अर्थ सुनांना सांगायला नको!

वहिनी आल्या, दाराशीच टेकल्या. मी करंडा घेऊन पुढे गेले, तशी खोलीतली कुजबुज थांबली. खोटं कशाला सांगू, माझं बोट थरथरलं. हळूच विचारलं, "लावू?"

"हळद लाव. कुंकवाचं पुढच्या वर्षी बघू."

तेवढ्यात सासूबाई उठल्या, वहिनींच्या हातावर तिळगूळ ठेवत म्हणाल्या, "पाक छान जमलाय हो यंदा."

लावून घ्यायचं की नाही, ते ज्या बाईचं कपाळ तिने ठरवावं. आमंत्रण द्यायचं की नाही, ते मात्र आपल्याच हातात असतं.